माहेरची कोणी आली असं समजा

आई गेली त्याला सात महिने झाले. भेटायला आलेल्यांपैकी बऱ्याच जणांनी तिची एकच गोष्ट काढली, की विमलताईंनी राज्यपालांच्या पत्नीला फुलसावंगीला आणलं. आई स्वतः त्या दिवसाबद्दल कधी अभिमानाने बोलली नाही. मी तो दिवस पाहिला आहे, म्हणून लिहून ठेवते.

साठ सालानंतरची गोष्ट. आई गावातल्या मुलींच्या शाळेत शिकवायची आणि महिला मंडळाची चिटणीस होती. कोसभरावर बंजाऱ्यांचा तांडा होता. तिथली बाई बाळंतपणात अडली की तिला बैलगाडीत घालून पुसदला न्यावं लागे. दोन वर्षांत तिघी वाटेतच गेल्या. शेवटची रामी, म्हाताऱ्या रुपीबाईची लेक. आईने नर्ससाठी अर्जामागून अर्ज केले, एकाचंही उत्तर आलं नाही. मग तिने वर्तमानपत्रात वाचलं, की राज्यपालांच्या पत्नी जिल्ह्याजिल्ह्यांत फिरून दवाखाने आणि बालकाश्रम पाहतात आणि त्यांच्या मदतनिधीतून कुठे कुठे नर्सही नेमली जाते. तिने थेट त्यांनाच पत्र लिहिलं. सहा आठवड्यांनी उत्तर आलं: दौऱ्यात तांड्यावर वीस मिनिटं थांबता येईल.

त्या उत्तराने झालेला आईचा आनंद एकच दिवस टिकला. दुसऱ्या दिवशी नायब तहसीलदार आले. बाईसाहेबांसमोर कोणी तक्रार करायची नाही, हातात अर्ज द्यायचा नाही आणि रडारड तर अजिबात नको, असं त्यांनी बजावलं. नर्स एकच मिळणार होती आणि यादीत वणीकडचंही एक गाव होतं. ज्या गावात कार्यक्रम नीट होईल तिथे ती जाईल, असं ते म्हणाले. हे त्यांना कोणी सांगितलं होतं की त्यांचं तेच म्हणत होते, हे आम्हाला कळायला मार्ग नव्हता. आईने ते खरं धरलं. त्या आठवड्यात तिने भाजीत दोनदा मीठ घातलं आणि माझ्या वहीतली चुकलेली गणितं बरोबर म्हणून तपासली.

तांड्यावरच्या बायका तर तिच्याहून घाबरल्या होत्या. आई सांगायला गेली तेव्हा मीही बरोबर होते. उभं कसं राहायचं, बोलायचं काय, हात जोडायचे की पाया पडायचं, असं त्या विचारत राहिल्या. रुपीबाईने विचारलं, "लाटसायबाची बाई भाकर खाते का वं, का नुसती पायते?" सगळ्या हसल्या, आईही हसली. मग त्यांना धीर यावा म्हणून ती म्हणाली, "एवढं भिऊ नका. माहेरची कोणी लई दिवसांनी आली असं समजा, अन् जशा वागता तशाच वागा."

आई सात वर्षं त्या तांड्यावर जात होती. कोणाच्या घरात किती लेकरं, कोणाला ताप, हे तिला पाठ होतं. पण ती जायची ती शाळा सुटल्यावर, तास-दोन तास. माहेरचं माणूस तांड्यावर येतं तेव्हा काय होतं, हे तिने कधी पाहिलं नव्हतं.

ठरल्या दिवशी अकराच्या सुमारास तीन मोटारी धुळीतून आल्या. नर्ससाठी तांड्याने दिलेली खोली सारवून, चुना लावून तयार होती. आईच्या हातात क्रम लिहिलेला कागद होता: हार, मुलींचं गाणं, खोली. बाईसाहेब उतरल्या. किरकोळ अंगाच्या, सुती लुगड्यातल्या, डोळ्यांना चष्मा. हार रुपीबाईने घालायचा होता. तिने तो तांड्याचा प्रमुख, नाईक खेमसिंग, याच्या हातात दिला, सरळ पुढे गेली, बाईसाहेबांच्या गळ्यात दोन्ही हात टाकले, खांद्यावर डोकं ठेवलं आणि मोठ्याने रडायला लागली.

ते नुसतं रडणं नव्हतं. त्याला चाल होती. एक ओळ लांबवायची, श्वास घ्यायचा, पुढची ओळ. मागच्या बायकांनी तोंडावरून ओढण्या घेतल्या, दोघी दोघी एकमेकींच्या गळ्यात पडल्या आणि त्याच चालीत रडू लागल्या. एक शिपाई धावला. नायब तहसीलदारांचा चेहरा मी आजही विसरलेले नाही.

आई कागद धरून उभीच राहिली. खेमसिंग तिच्याजवळ येऊन शांतपणे म्हणाला, "लई दिवसांनी माहेरचं माणूस आलं का आमच्या बाया अशाच भेटतात. मधी काय काय झालं ते सांगतात. तूच त सांगतलं, बाई."

बाईसाहेबांनी शिपायाला हाताने थांबवलं होतं, पण त्या ताठ उभ्या होत्या. हे काय आहे, असं त्यांनी हिंदीत विचारलं. नायब तहसीलदार आईच्या कानाशी म्हणाले, "स्वागतगीत म्हणा." आईने तसंच सांगितलं.

त्या थोडा वेळ ऐकत राहिल्या. मग म्हणाल्या, "यात एक नाव पुन्हा पुन्हा येतं. रामी. ही कोण?"

मी आईच्या मागेच होते. तिच्या मानेवरून घाम उतरताना मला दिसला. तिने हातातला कागद घडी करून मुठीत धरला.

"हिची मुलगी," आई म्हणाली. "फाल्गुनात पुसदच्या वाटेवर गाडीत गेली. मूलही गेलं. हे गाणं नाही, बाईसाहेब. मी आत्ता तुम्हाला खोटं सांगितलं."

रुपीबाईचं सांगणं संपलं. तिने आपल्या ओढणीने आधी बाईसाहेबांचा चेहरा पुसला, मग स्वतःचा, आणि म्हणाली, "आता तू सांग. तुयं कोण गेलं?"

आईने हेही हिंदीत सांगितलं. आता लपवण्यासारखं काही उरलं नव्हतं. बाईसाहेबांनी चष्मा काढला. मग त्या त्यांच्या स्वतःच्या भाषेत बोलू लागल्या, अगदी हळू. तिथे असलेल्या एकालाही ती भाषा येत नव्हती. रुपीबाई त्यांचा हात धरून "हं, हं" करत ऐकत होती. मध्येच कोणीतरी अधिकारी पुढे झाला आणि वेळ झाली असं म्हणाला. बाईसाहेब थांबल्या, चष्मा घातला आणि मोटारीत बसल्या. खोली त्यांनी पाहिलीच नाही.

"वणी," नायब तहसीलदार आईला एवढंच म्हणाले आणि जीपमध्ये चढले.

पुढचे पाच आठवडे आई तांड्यावर गेली नाही. पोस्टमनची वेळ झाली की ती शाळेतून खिडकीबाहेर पाही. एकदा भाकरी थापता थापता तिने मला विचारलं, "माझ्या खोट्यानं बिघडलं असेल, की खऱ्यानं?" मी अकरा वर्षांची होते. मी तव्यावरची भाकरी उलटली.

सहाव्या आठवड्यात पत्र आलं. नर्स मंजूर झाली होती, पुढच्या महिन्यात रुजू होणार होती. पत्रात त्या दिवसाबद्दल एक अक्षरही नव्हतं. आईने ते उभ्यानेच दोनदा वाचलं, चपला घातल्या आणि उन्हातच तांड्याकडे निघाली. मी मागे पळाले.

रुपीबाईने सगळं ऐकून घेतलं. नर्सचं ऐकून तिने हात जोडले. मग म्हणाली, "अन् ते बाई कशी हाये?"

आईला माहीत नव्हतं.

"तिचं रडणं अर्धंच राह्यलं," रुपीबाई म्हणाली. "मोटार काहून हाकलली त्याईनं? असं अर्धं ठेवत नाही, बाई. तिले लिव, पुन्हा ये म्हण."

आभाराचं पत्र लिहायला आईने दोन दिवस घेतले. राज्यपालांच्या पत्नीला असं लिहावं का, हे ती स्वतःशीच म्हणत राहिली, आणि तीन कागद फाडले. चौथ्यावर तिने रुपीबाईचा निरोप जसाच्या तसा लिहिला. पाकीट माझ्या हातात न देता ती स्वतः जाऊन पेटीत टाकून आली.