गोलसमोरचा बर्फ

लारिसा हुट्नियाक आमच्या गावच्या, बर्फावर खेळणाऱ्या हॉकी संघाची गोलकीपर होती, तेव्हा माझा तिच्यावर एकाच कारणाने राग होता. मैदानाचा बर्फ सांभाळणं माझं काम; मी मशीन फिरवून तो आरशासारखा करायचो आणि ही बया गोलसमोर येऊन स्केटच्या पात्यांनी तो खरवडून टाकायची. पाय घसरू नये म्हणून सगळेच गोलकीपर खरवडतात, पण हिच्याइतकं मन लावून कुणी नाही.

दोन वर्षांपूर्वी एक खेळाडू भरवेगात तिच्यावर आदळला आणि तिच्या कंबरेखालचं सगळं लुळं पडलं. माझं मशीन बर्फावर ने-आण करायच्या फाटकातूनच तिला स्ट्रेचरवरून नेलं. दोन्ही संघांनी आमच्याकडच्या रीतीप्रमाणे हॉकीच्या काठ्या आपटून तिला निरोप दिला. तो आवाज अजून झोपेत ऐकू येतो, असं ती मला पुढे म्हणाली.

मग ती विनिपेग शहरात जाऊन नुसत्या शरीराने काहीबाही मांडून दाखवायची कला शिकली. नाटक नाही, नाच नाही. मला तरी कळलं नव्हतं. मार्चमध्ये ती चाकाच्या खुर्चीतून परतली आणि हंगामाच्या शेवटच्या सामन्यानंतर अर्धा तास बर्फ वापरायला मागितला. त्याच फाटकातून आत येणार, खुर्चीतून उतरणार आणि हातांच्या जोरावर गोलपर्यंत जाणार. लोक रडतील, मी म्हटलं.

"रडू देत. पण काठ्या वाजता कामा नयेत. सांगून ठेव."

मी दोन्ही संघांना दोनदा सांगितलं.

त्या शनिवारी सामना संपला तरी कुणी घरी गेलं नाही. खेळाडूही बाकांवर बसून राहिले. मी तिच्यासाठी बर्फ नव्याने करून दिला. जुनी जर्सी घातलेली लारिसा कोपरांवर सरपटत निघाली, पाय मागून फरफटत होते. मधल्या लाल रेषेवर तिचा हात निसटला, हनुवटी आपटली आणि ती तशीच पडून राहिली. तीस वर्षांची सवय, माझ्या हातांनी स्ट्रेचरसाठी फाटक उघडलंच. ते पाहून एक काठी वाजली, मग सगळ्या.

तिने मान वर केली. हनुवटीला रक्त होतं.

"बंद करा. तो आवाज जाणाऱ्यासाठी असतो. मी येतेय." मग माझ्याकडे वळून म्हणाली, "आणि ऑर्विल, फाटक लाव, म्हाताऱ्या. तुझ्या मशीनची पाळी माझ्यानंतर."

मी लावलं. शरमेने माझे कान तापले होते. नंतर फक्त तिच्या बाह्या बर्फावर घासल्याचा आवाज येत राहिला. गोलपाशी पोचल्यावर ती खांबाला धरून उठून बसली, आमच्याकडे तोंड करून. जर्सीतून तिने स्केटचं जुनं पातं काढलं आणि समोरचा बर्फ खरवडायला लागली, डावीकडून उजवीकडे, अगदी पूर्वीसारखं सावकाश. मी रडलो, लपवण्यात अर्थ नाही.

लोक गेल्यावर मी मशीन काढलं आणि सगळा बर्फ गुळगुळीत केला. गोलसमोर आलो आणि मशीन बाजूने वळवून नेलं.

खुर्चीतून ती बघत होती. "तेवढा तुकडा राहिला, ऑर्विल."

"उद्या येऊन पुन्हा खरवडशीलच," मी म्हटलं. "कशाला मेहनत वाया घालवू?"