मुळ्याचं लोणचं

ओसाकातल्या आमच्या कंपनीत व्हिडिओ गेमला संगीत देणाऱ्यांची खरी नावं पडद्यावर येत नसत. दुसरी कंपनी पळवून नेईल म्हणे. मला 'मुळ्याचं लोणचं' हे नाव आमचे वरिष्ठ कुराहाशीसाहेब यांनी चिकटवलं. "पोरी, टिंवटिंव भर आणि गप्प बस," एवढंच त्यांना संगीत कळायचं.

काल भरल्या सभागृहात मोठ्या वाद्यवृंदाने एका जुन्या गेममधली माझी चाल वाजवली. 'मुळ्याचं लोणचं' म्हणून मंचावर चढले ते कुराहाशीसाहेब. मी तिकीट काढून मागे बसले होते.

निवेदिकेने विचारलं, "साहेब, मध्येच सूर थांबतो, ते कसं सुचलं?"

साहेबांनी डोळे मिटले. "देवळात सुचलं. ती शांतता माझी आहे."

कसलं देऊळ. गेममधला बेडूक उडी मारायचा, तेव्हा एका वेळी मोजकेच आवाज काढू शकणारं ते दरिद्री यंत्र उडीच्या आवाजासाठी माझा सूर बंद करायचं. वाद्यवृंदवाल्या शहाण्यांनी कुणीतरी खेळताना केलेल्या रेकॉर्डिंगवरून चाल उतरवली, उडीचा आवाज गाळला आणि खड्डे तेवढे ठेवले.

टाळ्या पडल्या. मीही वाजवल्या. जन्मात एकदा साहेब खरं बोलले होते. त्या चालीत जिथे काहीच नव्हतं, तेवढं त्यांचंच होतं.