क्लॅपच्या आधीचा तुकडा

दिग्दर्शक आर्मांदच्या सिनेमातल्या ज्या नजरेवर अख्खं पॅरिस फिदा झालंय, ती नजर मी कचऱ्याच्या टोपलीतून काढली होती. एकतीस वर्षं मी फिल्म कापते आणि जोडते. दृश्याआधी क्लॅपची पाटी वाजते, आणि तिच्या आधीचा तुकडा आम्ही फेकून देतो. त्या तुकड्यात नटी जिस्लेन कॅमेरामनशी भांडत बसलेल्या आर्मांदकडे बघत होती. 'हा बाबा कधी आटपणार!' एवढंच तिच्या डोळ्यांत होतं. मी तो तुकडा सिनेमातल्या तिच्या नवऱ्याच्या मरणाच्या प्रसंगात जोडला.

काल भरल्या थिएटरात आर्मांद म्हणाला, "त्या एका नजरेसाठी मी जिस्लेनला तीन दिवस रडवलं." टाळ्याच टाळ्या! जिस्लेनने माझ्याकडे बघितलं. मी दात-ओठ खात बसले.

आज तो नव्या सिनेमाचे डबे घेऊन आला. माझ्याहून नऊ वर्षांनी लहान, पण म्हणतो कसा, "ओडिल, पोरी, या वेळी तशाच नजरेचे बारा टेक घेतलेत. उगाच डोकं चालवू नकोस, नुसतं जोड."

मी बाराही पाहिले. सगळे शिळ्या पावासारखे. क्लॅपच्या आधी मात्र प्रत्येक वेळी जिस्लेन जिवंत होती.

"तुम्ही म्हणाल तसं, साहेब," मी म्हटलं, आणि बाराही वेळा क्लॅपपाशीच कात्री चालवली. आधीचे तुकडे टोपलीत टाकले आणि टोपली त्याच्याच हातात दिली.

"जाता जाता एवढी खाली रिकामी करा."