छतावरून चालणारी माणसं

मित्रांनो, मी स्पेनमधल्या साफ्रा गावातल्या एका माडीच्या खिडकीचं जुनं लाकडी शटर आहे. गावच्या सुताराने पाइनच्या पट्ट्या एकीत एक अडकवून मला घडवलं. पट्टा ओढला की मी वर गुंडाळलं जातं, सोडला की धाडकन खाली येतं. इथल्या उन्हात मला खाली सोडल्याशिवाय दुपारी कुणाचा डोळा लागत नसे, त्यामुळे घरात माझा मोठा मान होता.

पुढे माझ्या एका पट्टीतली गाठ गळून पडली आणि तिथे भोक राहिलं. खोलीत अंधार असला की त्यातून गल्लीतला उजेड आत शिरे आणि खालून जाणारी माणसं खोलीच्या छतावर सावल्यांसारखी उलटी चालताना दिसत. घरातली छोटी आराथेली ती पाहून चादरीत तोंड लपवायची. तिची आई ब्राउलिया म्हणायची, "झोप गुपचूप. ती त्यांच्या वाटेने चाललीत, तुला काय खातायत?" पोरगी चादरीतून एक डोळा काढून बघतच राहायची. मोठेपणी ती भीतीचे लघुपट काढू लागली.

यंदा ऑगस्टमध्ये ती कॅमेरा घेऊन माझ्याच खोलीत आली. खाटेवर आजारी म्हातारी आणि छतावरून चाललेली माणसं, एवढा शेवटचा प्रसंग उरला होता. म्हातारी म्हणून तिने आईलाच पांढरा रंग फासून निजवलं. पण भर दुपारी आमच्या गल्लीत चिटपाखरू नसतं. मामेभाऊ फेर्मीनला चालायला लावलं, तर तो चोरासारखा वर बघत चालायचा.

"याला बघून कोण घाबरणार?" ब्राउलिया म्हणाली. "कॉम्प्युटरवर घाल माणसं आणि मला उठू दे. पुढच्या आठवड्यात नवं ॲल्युमिनियमचं शटर बसवायला माणूस येतोय. हे धूड एकदाचं जाऊ दे."

मला फार वाईट वाटलं.

"नाही आई. लहानपणी वाटलेली भीतीच हवी मला, आणि ती या भोकातूनच येते. पडून राहा."

मग मीही ठरवलं, एकही पट्टी हलू द्यायची नाही. दिवसच्या दिवस मी खालीच होतं, सकाळीसुद्धा. रंगवलेल्या तोंडाने ब्राउलिया संध्याकाळी दारात खुर्ची टाकून बसायलाही जाईना.

नवं शटर यायच्या आदल्या दुपारी छतावर अचानक काळ्या कपड्यांतल्या बायका आल्या. हातात झाकलेली पातेली, एकीमागून एक, उलट्या, सावकाश. ब्राउलियाचे डोळे खरोखरच विस्फारले. आराथेली कॅमेऱ्यामागे जागची हलली नाही.

शेवटची बाई छतावरून सरली आणि जिन्यावर पावलं वाजली. शेजारीण फेलीसा रडतच आत शिरली. पांढरीफटक ब्राउलिया खाटेवर उठून बसली.

"कोण गं गेलं, फेलीसा?"

फेलीसाच्या हातातलं पातेलं खाली पडलं, सूप खोलीभर झालं. "तूच की गं बाई. इतके दिवस शटर बंद, तू दारात नाहीस, आम्ही काय समजायचं? जिवंत होतीस तर उघडायचं होतंस. या उन्हात काळं चढवून आलो आम्ही."

दुसऱ्या दिवशी नवं शटर घेऊन माणूस आला. ब्राउलियाने ते स्वयंपाकघराच्या खिडकीला बसवून घेतलं.

"याला हात लावू नकोस," ती माझ्याकडे बोट दाखवून म्हणाली. "माझ्या मयताला कोण कोण येणार, ते यानेच दाखवलं मला. सगळी गल्ली आली होती रे."

मित्रांनो, जुन्या वस्तूचं भोक बुजवण्याआधी एकदा त्याच्यापाशी अंधार करून बसा. ब्राउलिया आता दुपारी झोपत नाही. छताकडे बघत पडून राहते आणि कुणी उलटं चालत गेलं की हात हलवते.