माईंचा अंगठा

पोस्टातून पाकीट घेऊन ऊर्मिला ट्रामच्या थांब्यावर आली आणि तिथेच उभ्या उभ्या तिने ते फोडलं. वर मिरजेचा सरकारी शिक्का होता. आत ज्येष्ठ नागरिकांच्या निर्वाह न्यायाधिकरणाची नोटीस. अर्जदार कुंदा दत्तात्रय टिकेकर. सामनेवाली ऊर्मिला, सावत्र मुलगी. मुलगी जर्मनीत मोठ्या पगारावर असून विधवा सावत्र आईची उपासमार करते, आठ डिसेंबरला हजर राहावं, नाहीतर एकतर्फी आदेश होईल.

'उपासमार' हा शब्द तिने तीनदा वाचला. दोन ट्राम निघून गेल्या.

ऊर्मिला नऊ वर्षांची असताना तिची आई गेली. वर्षभराने बाबांनी कुंदाशी लग्न केलं. त्या बालवाडीत शिकवायच्या. त्यांना मूल झालं नाही. ऊर्मिलेने त्यांना कधी आई म्हटलं नाही, माई म्हटलं, तेही 'अहो माई'. भांडण नव्हतं आणि जवळीकही नव्हती. बाबा गेल्यावर तिने मिरजेच्या घरातला आपला हिस्सा माईंना लिहून दिला आणि हॅनोव्हरला, कारखान्यातल्या नोकरीवर परतली. मग माईंचा भाचा शशिकांत बेळगावहून सोबतीला राहायला आला. तेव्हापासून फोन तोच उचलायचा. "आत्या झोपलीये," म्हणायचा. खरं सांगायचं तर ऊर्मिलेला ते सोयीचंच वाटलं होतं. गणपतीनंतर तिने फोनच केला नव्हता.

वेदांगने, तिच्या नवऱ्याने, नोटीस वाचली आणि त्याचा चेहरा उतरला.

"तुझा पासपोर्ट फेब्रुवारीत संपतोय. कोर्टाचं काही निघालं तर नवा अडवतील. मग इथे राहायच्या परवान्याचं, आउफेंथाल्टचं काय?"

त्या दिवसापासून दाराची बेल वाजली की ऊर्मिला आधी खिडकीतून खाली कोण आहे ते बघायची. वेदांगने एका जर्मन वकीलबाईंची वेळ घेतली. बाईंनी कागद वाचला, चष्मा काढला.

"आल्झो, म्हणजे असं बघा, आमच्या कायद्यात सावत्र मुलांवर अशी जबाबदारी नाही. ही बाई तुमची कोणी लागत नाही."

"गेनाऊ, अगदी बरोबर," वेदांग म्हणाला आणि त्याने सुस्कारा सोडला.

ऊर्मिलेचा जीव मात्र हलका झाला नाही. संध्याकाळी तिने मिरजेला जयंतला फोन केला. तो तिचा शाळेतला मित्र, दोन गल्ल्या पलीकडे राहणारा. त्याने चौकशी करून सांगितलं, "आपल्याकडे 2007 च्या कायद्यात आई म्हणजे सावत्र आईसुद्धा. तुला उत्तर द्यावंच लागेल."

उत्तर लिहायला म्हणून तिने नोटिशीला जोडलेला अर्ज पहिल्यांदा शेवटपर्यंत वाचला. शेवटच्या पानावर सहीच्या जागी अंगठा होता.

ती कागदाकडे बघत राहिली. माई दुधाच्या वहीवरसुद्धा पूर्ण सही करायच्या. मिरजेतल्या अर्ध्या पोरांना त्यांनी अक्षर शिकवलं होतं.

दुसऱ्या दिवशी तिने घरी फोन लावला. शशिकांतने उचलला.

"जे काय आहे ते प्रांत ऑफिसात बोला."

"माईंशी बोलू दे. नाहीतर तू बोलू देत नाहीस, असं लिहून देईन."

थोडी कुजबुज झाली. मग माईंचा आवाज आला, बारीक आणि सरळ, पाठ केल्यासारखा.

"मी बरी आहे."

"माई, जेवताय ना वेळेवर?"

"हो. संध्याबाई असतात ना इथे. त्यांच्यासारखीच आहे मी."

फोन कट झाला.

संध्याबाई बालवाडीत मदतनीस होत्या. ऊर्मिला बारावीत असतानाच त्या वारल्या होत्या. बेळगावच्या शशिकांतला ते कुठून माहीत असणार? पासपोर्ट, परवाना, आदेश, सगळी भीती एका क्षणात मागे पडली आणि तिच्या जागी दुसरी आली, माईंच्या जिवाची.

तिच्या सांगण्यावरून जयंत घरी जाऊन आला. शशिकांतने त्याला ओट्यावरूनच परत पाठवलं. "आतल्या खोलीला बाहेरून कुलूप होतं," जयंत म्हणाला. "मी तक्रार करीन गं, पण कोण म्हणून? मी तर शेजारी."

वेदांगला तिने सगळं सांगितलं. त्याने नोटीस पुन्हा एकदा वाचली. मग म्हणाला, "तरी मला वाटतं, नातं नाही असं लिहून मोकळी हो."

"तसं लिहिलं तर त्यांच्याबद्दल विचारायचा हक्कही जातो. आत्ता एकाच कागदावर मी त्यांची मुलगी आहे. तो हाच."

पोलीस गेले किंवा ती स्वतः गेली, तरी शशिकांतच्या देखत माई 'बरी आहे' एवढंच म्हणणार, हे तिला दिसत होतं. म्हणून तिने लिहिलं, मी मुलगी आहे, जबाबदारी मान्य आहे, फक्त अर्जदारबाईंचं म्हणणं त्या एकट्या असताना ऐकावं. जयंतला तिच्या वतीने हजर राहता यावं म्हणून हॅम्बुर्गच्या कॉन्सुलेटमधून कागद करून आणला. उत्तर आधी पाठवलं तर शशिकांतच्या हाती पडेल, म्हणून जयंतने ते सुनावणीच्या दिवशीच द्यायचं ठरलं. मधले अकरा दिवस ऊर्मिलेने कसेबसे ढकलले. शशिकांतला आधीच काही कळलं तर? माई आठ तारखेपर्यंत तग धरतील का?

आठ डिसेंबरला सकाळी सात वाजता ती कारखान्याच्या पार्किंगमध्ये गाडीत बसली होती. मिरजेत साडेअकरा. सुनावणी घेणाऱ्या प्रांतसाहेबांच्या परवानगीने जयंतचा फोन त्यांच्या टेबलावर चालू होता.

"आत्याला कमी ऐकू येतं. मी सांगतो," शशिकांतचा आवाज.

"तुम्ही बाहेर थांबा," साहेब म्हणाले.

खुर्ची सरकली. दार लागलं.

"आजी, हा अर्ज तुमचा आहे?"

कोणीतरी कागद उलटला.

"माई, मी ऊर्मिला," ती म्हणाली.

"दार लावलंय?" माईंनी विचारलं.

"लावलंय, आजी."

"कडी?"

साहेब स्वतः उठले असावेत. कडीचा आवाज आला. मग माई बोलायला लागल्या. घर नावावर करून दे म्हणून त्याने गणपतीपासून खोलीत कोंडलं होतं. एक वेळ जेवण. सही करत नाही म्हणून उजव्या हाताची बोटं पिरगाळली, ती अजून सरळ होत नव्हती. मग ऊर्मिलेकडून पैसे तरी मिळावेत म्हणून या अर्जावर त्यांचा अंगठा धरून दाबला. बोलता बोलता त्या दर वाक्याला थांबत होत्या, दाराकडे बघत असाव्यात.

ऊर्मिला स्टिअरिंगवर डोकं टेकून ऐकत होती.

साहेबांनी पोलीस बोलावले. माई त्या दिवशी जयंतच्या घरी गेल्या. महिन्याला काय द्यायचं ते ऊर्मिलेच्या संमतीने लिहिलं गेलं, आणि माईंनी डाव्या हाताने वाकडी का होईना, सही केली. जानेवारीत शशिकांतला घराबाहेर काढलं. पासपोर्टला काहीही अडचण आली नाही.

माई आता आपल्या घरी आहेत. जयंतच्या ओळखीच्या एक बाई सोबतीला असतात. शशिकांत जामिनावर सुटून बेळगावात आहे असं म्हणतात. ऊर्मिला सकाळ-संध्याकाळ फोन करते. माई कधी परसात असतात, कधी आंघोळीला. पण रिंग वाजत राहिली आणि कोणी उचललं नाही, की ती हातातलं काम टाकून उभी राहते.