शेवटचा दुखवट्याचा ठराव

आमची काउंटी कौन्सिल, म्हणजे इथली जिल्हा परिषद, शेजारच्या कौन्सिलमध्ये विलीन करायची, असं डब्लिनच्या सरकारातल्या शहाण्यांनी ठरवून टाकलं. आमच्याकडे उरलं एक वर्ष आणि एका माणसाचं अध्यक्षपद. ते फिंटन होगर्टीचं होतं. इथे अध्यक्षपद पाळीपाळीनं घ्यायचा जुना करार आहे. कागदावर नाही, तोंडी. बावीस वर्षं फिंटन स्वतःची पाळी दुसऱ्यांना देत आला होता. दोनदा तर कॉर्मक ट्रेसीलाच दिली. सभागृहातल्या लाकडी फळ्यावर १८९९ पासूनच्या अध्यक्षांची नावं सोनेरी अक्षरांत आहेत. शेवटी एकाच नावापुरती जागा होती.

मी एकतीस वर्षं इथली इतिवृत्तं लिहिली. त्यात सर्वांत जास्त काय असेल, तर दुखवट्याचे ठराव. कुणाच्या भागातली म्हातारी गेली तरी फिंटन ठराव मांडणार आणि नाव ऐकायच्या आत कॉर्मक "अनुमोदन" म्हणणार. मग सगळे एक मिनिट उभे. दुखवट्याला विरोध करायची छाती आजवर कुणाची झालेली नाही.

शेवटचा अध्यक्ष निवडायच्या दिवशी सकाळी दोघं चहा पीत बसले होते.

"हा सूट कुठला रे? लग्नाला निघालास की काय?" कॉर्मकनं विचारलं.

"लग्नातलाच आहे. माझी मॉली आज असती तर बटणं सैल करून दिली असती. आता श्वास धरून बसलोय."

"सोड लेका श्वास. पहिला हात माझा वर."

सभेत मतदानाला कॉर्मकचा हात वर झाला खरा, पण समोरच्या गटातल्या ब्रेंडनच्या नावाला. अकरा विरुद्ध दहा मतांनी ब्रेंडन अध्यक्ष झाला.

फिंटननं मान वळवून त्याच्याकडे पाहिलं. कॉर्मक पुटपुटला, "नव्या कौन्सिलचं तिकीट देतायत ते मला. तू तरी काय केलं असतंस?"

माझ्या अंगाचा तिळपापड झाला. पण लिहिणाऱ्या बाईनं बोलायचं नसतं.

टाळ्या संपल्या, तसा फिंटन उठला. "एक दुखवट्याचा ठराव राहिलाय."

"अनुमोदन," कॉर्मक मान खाली घालून म्हणाला. सुटल्यासारखा वाटला तो. खुर्च्या सरकल्या, सगळे उभे राहिले.

"आज सकाळी चहाच्या टेबलावर कॉर्मक ट्रेसीनं मला दिलेला शब्द वारला," फिंटन म्हणाला. "त्याच्या घरच्यांच्या दुःखात आपण सहभागी आहोत."

कुणी हसलं नाही. रिवाज मोडून खाली बसायचं धाडसही कुणाला झालं नाही. कॉर्मकचे कान लालबुंद झाले होते. मिनिट मोजायचं काम माझं. मी चांगलं दोन मिनिटांचं मोजलं.

ठराव एकमतानं मंजूर. सूचक होगर्टी, अनुमोदक ट्रेसी. मी शाईनं लिहिलं.

जाताना फिंटननं खिशातलं भाषण माझ्या टेबलावर ठेवलं. "हेही फायलीला लाव कुठेतरी, ऊना. मला आता काय उपयोग?"

तो गेल्यावर मी घडी उलगडली. पहिलीच ओळ होती, 'हे पद मला मिळालं, ते माझ्या मित्रामुळे, कॉर्मकमुळे.'