मिरज टू

रुहीचं उष्टावण होऊन तीन आठवडे झाले होते आणि ते अजून कॅमेऱ्यातच होतं. कॅमेरा आमचा नव्हता, सुनेत्रा काकूंचा होता, आणि काकू गुरुवारी भाच्याच्या लग्नाला सांगलीला निघणार होत्या. अर्थात कॅमेरा घेऊनच.

अमेरिकेत आमच्या बॉथेलमधून कुणी इंडियाला निघालं की आमच्या ओळखीतल्या सात-आठ घरांतून पिशव्या निघतात. व्हिटॅमिनच्या बाटल्या, बदाम, कुणाच्या तरी सासऱ्यांसाठी बीपीचं मशीन. काकू बाथरूममधल्या वजनकाट्यावर एकेक पिशवी ठेवतात आणि तोंड वाकडं करून घेतातही. मला फक्त एक डीव्हीडी पाठवायची होती. सांगलीपासून मिरज दहा किलोमीटर. काकू स्वतः आईच्या हातात नेऊन देणार होत्या.

बाबांचं आठवड्यातून दोनदा डायलिसिस असतं. त्यामुळे आई माझ्या बाळंतपणाला येऊ शकली नाही, आणि आठ महिन्यांत दोघांनी रुहीला पाहिलं ते फोटोंत आणि वेबकॅमवर. मिरजेचं नेट असं की वेबकॅमवर रुही चौकोनाचौकोनांनी दिसते. नाक कुणावर गेलंय ते ठरवता येत नाही, असं बाबा दर रविवारी म्हणतात. उष्टावणाला मामा लागतो. माझा भाऊ संग्राम तिकडे, म्हणून काकूंचे नरेंद्र काका मामाच्या पाटावर बसले आणि सगळ्यांना सांगत सुटले की बायकोने कॅमेरा दिला आणि मला मामा बनवलं. हे सगळं त्या कॅसेटमध्ये होतं. एक तासाची कॅसेट, एकच प्रत.

मंगळवारी दुपारी रुही झोपल्यावर मी कॅमेरा कॉम्प्युटरला जोडायला बसले, तर डिस्कवर जागा नाही. कॅसेट कॉम्प्युटरवर उतरवायला तेरा जीबी लागतात, वर डीव्हीडी बनवायला आणखी चार-पाच. शिल्लक होती चार. नवऱ्याला, शंतनूला, ऑफिसात फोन केला. तो म्हणाला, माझे गेम्स उडव, तेच सगळ्यात जास्त खातात.

आमच्याकडे गेम दुकानातून येत नाहीत, लाँचरमधून येतात. लाँचर म्हणजे एक प्रोग्रॅम. गेम विकत घ्यायचा तो त्यातून, उतरवून घ्यायचा त्यातून, खेळायलाही आधी तोच उघडायचा. कॉम्प्युटर चालू झाला की तो आपोआप चालू होतो आणि उजव्या कोपऱ्यात खाली बसून राहतो. शंतनूचे त्यात पाच गेम होते आणि माझा एक.

माझा एक कसा, ते सांगायला हवं. सातव्या महिन्यात डॉक्टरांनी मला अंथरुणातून उठायचं नाही म्हणून सांगितलं. नऊ आठवडे. आई येणार नव्हती. शंतनू सकाळी डबा आणि थर्मास उशाशी ठेवून जायचा, संध्याकाळी यायचा. दुसऱ्या आठवड्यात त्याने कॉम्प्युटर बेडरूममध्ये आणला, पलंगाला लावून, आणि मला शहर वसवायचा एक गेम घालून दिला. मी आयुष्यात गेम खेळले नव्हते. मोकळी जमीन असते, रस्ते आखायचे, पाणी आणायचं, घरं आपोआप उगवतात. मी त्याला नाव दिलं मिरज टू. आधी स्टेशन केलं. मग दर्ग्याचा रस्ता, मग आमची शाळा, आणि आमच्या घराच्या जागी एक घर, त्याच्या समोर लगेच दवाखाना, म्हणजे बाबांना लांब जायला नको. शंतनू संध्याकाळी विचारायचा, आज लोकसंख्या किती. ज्या दिवशी हॉस्पिटलला निघालो त्या दिवशी अकरा हजार दोनशे चाळीस होती. त्यानंतर उघडायला वेळ झाला नाही, पण होतं ते तिथे.

म्हणून मी फोनवर विचारलं, "माझं गाव पण काढू?"

"काढ ना. आशू, सगळं अकाउंटवर असतं. उद्या कॉम्प्युटर जळला तरी परत येतं. फोल्डर उचल, डिलीट मार, रीसायकल बिन रिकामी कर. दोन मिनिटांचं काम आहे."

शंतनू दिवसभर याच कामाचा पगार घेतो, तेव्हा मी वाद घातला नाही. त्याची पाच फोल्डरं उडवली. सहाव्यावर थोडी थांबले. मग म्हटलं, येतंय ना परत, आणि तेही उडवलं. शिल्लक जागा सत्तावीस जीबी झाली. कॅसेट लावली, तर कॅमेऱ्याची बॅटरी संपलेली आणि चार्जर काकूंकडे राहिलेला. येताना शंतनू तो घेऊन आला, पण तोवर रुहीची झोपायची वेळ झाली होती, आणि कॉम्प्युटर अजून बेडरूममध्येच आहे, तिच्या पाळण्यापासून चार फुटांवर. कॅमेरा चालू झाला की टिणटिण वाजतो. म्हटलं, सकाळी करू.

कॉम्प्युटर तसाच चालू राहिला. ही माझी चूक.

बुधवारी सकाळी साडेनऊला रुही झोपली. हॉलमध्ये, स्ट्रोलरमध्येच, तिला मी मुद्दाम बेडरूमबाहेर झोपवलं होतं. कॅसेट सुरू केली. कॅसेटचं एक असतं, ती घाई करत नाही. तासाची कॅसेट उतरायला तासच लागतो, समोर सगळं चालू असतं. काका पाटावर बसले. शंतनूने समई लावली, ती विझली, परत लावली. मी खिरीची वाटी घेऊन आले. बाविसाव्या मिनिटाला काकांनी चमचा उचलला आणि चित्र थांबलं. डिस्क भरली आहे, असं लिहून आलं.

मला वाटलं मी काहीतरी चुकीचं दाबलं. जागा पाहिली तर शून्य. काल सत्तावीस होती. मग उजव्या कोपऱ्यात पाहिलं. लाँचर बसला होता तिथे, आणि त्यात सहा नावं ओळीने. पाचांच्या पुढे तयार असं लिहिलेलं, सहाव्यापुढे नव्वद टक्के.

त्याने रात्रभर सगळे गेम परत आणले होते.

शंतनूला फोन केला. तो मीटिंगमधून बाहेर येऊन हळू आवाजात म्हणाला, असं होऊच शकत नाही. मी म्हटलं, होऊ शकत नाही ते समोर दिसतंय, बोल आता काय करू. तो म्हणाला, मी दुपारी येऊन बघतो. दुपारी म्हणजे कधी, ते मला माहीत आहे. काकू रात्रीच बॅगा बंद करणार होत्या, आठपर्यंत कॅमेरा घरी हवा असं त्यांनी दोनदा सांगितलं होतं.

मग मी जे आधी करायला हवं होतं ते केलं. लाँचरच्या साइटवर मदतीचं पान असतं, ते उघडून वाचलं. पहिल्याच ओळीत होतं: फोल्डर हाताने काढू नका. तुम्ही फोल्डर काढलं तर लाँचरला वाटतं की गेम तुम्हाला हवाच आहे, फक्त काही फाइली हरवल्या आहेत, आणि तो बिचारा त्या परत आणून ठेवतो. काढायचा तर लाँचरच्या आत जाऊन, गेमच्या नावावर उजवं बटण दाबून, त्यालाच सांगायचं की काढ. घरातल्या कामवाल्या बाईंच्या मागे आपण आवराआवर केली तर त्या जशा सगळं पहिल्या जागी लावून ठेवतात, तसंच हे. त्यांनाच सांगायला लागतं.

खाली आणखी एक ओळ होती. तुम्ही खेळून जतन केलेलं, ते याच फोल्डरमध्ये असतं. अकाउंटवर नसतं. हवं असल्यास आधी दुसरीकडे उतरवून घ्या.

ती ओळ मी दोनदा वाचली. मग बावीस मिनिटांचा अर्धवट तुकडा पुसला, तशी जागा मिळून सहाव्या नावापुढेही तयार असं आलं. मी मिरज टूचा गेम उघडला. तेच संगीत, तीच पहिली पाटी. पूर्वी तिथे दोन बटणं असायची, पुढे चालू आणि नवीन शहर. आता एकच होतं. दाबून पाहिलं. मोकळी हिरवी जमीन आली, मधून नदी. स्टेशन नाही, काही नाही. गेम परत आला होता, गाव नव्हतं आलं.

रुही उठली. तिला घेतलं, पाजलं, लंगोट बदलला. वरण-भात भरवला, त्यातला अर्धा माझ्या बाहीवर. मला रडू आलं नाही, तसं काही नव्हतं. कॉम्प्युटरमधलं गाव. पण दवाखान्यासमोर मी एक बाक ठेवला होता, बाबांना बसायला, आणि तो कुठल्या झाडाखाली ठेवला होता ते आठवायचा प्रयत्न करत राहिले.

मग परत बसले. नावावर उजवं बटण, काढून टाक. त्याने विचारलं, नक्की ना? नक्की. सहा वेळा. सहावं काढताना या वेळी थांबले नाही, त्यात काढण्यासारखं काही उरलं नव्हतं. नावं यादीतून जात नाहीत, फक्त करडी होतात. मी लाँचरही बंद केला, आणि खात्री म्हणून नेटची वायरसुद्धा ओढून काढली. कॅसेट मागे नेली, पहिल्यापासून.

दुपारी रुही काही झोपेना. दोन वाजले. शेवटी तिला मांडीवर घेतलं, एका हाताने तिचे दोन्ही हात धरले आणि कॅसेट सुरू केली. तिला आधी फक्त की-बोर्ड हवा होता. मग स्क्रीनवर काका दिसले आणि ती गप्प झाली. समई विझली, परत लागली. बाविसावं मिनिट गेलं. काकांनी चमचा उचलला. स्क्रीनवरच्या रुहीने खीर तोंडात घेतली, काकांकडे संशयाने पाहिलं आणि चमचा जो पकडला तो सोडेचना. काका म्हणाले, अगं, दे, माझी नोकरी जाईल. मांडीवरच्या रुहीने तोंड उघडलं, तिला वाटलं तिलाच भरवतायत. एक तास ती बसली. कधी नव्हे ते.

सहापर्यंत डीव्हीडी तयार झाली. मी दोन केल्या. लावून पाहिल्या, दोन्ही, शेवटपर्यंत नाही पण चार-पाच ठिकाणी.

शंतनू सहाला आला. मी त्याला सांगितलं काय झालं ते. तो कोट न काढता कॉम्प्युटरसमोर बसला आणि ती ओळ स्वतः वाचली. मग त्याने रिकाम्या फोल्डरच्या जागा शोधल्या, बिन शोधली, कुठलासा प्रोग्रॅम आणून पुसलेलं परत मिळतं का ते पाहिलं. रात्रभर वीस जीबी त्याच जागेवर लिहिले गेले होते, मग काय मिळणार. त्याचीही तीन वर्षांची फुटबॉलची टीम त्यात गेली होती.

"सॉरी, आशू. मला खरंच वाटलं होतं परत येतं."

"चल, काकू वाट बघत असतील," मी म्हटलं. वाटेत त्याला औषधांच्या दुकानापाशी थांबायला लावलं, इथे त्यात कॅसेटीही मिळतात, आणि एक कोरी कॅसेट घेतली.

काकूंच्या हॉलमध्ये दोन बॅगा उघड्या होत्या आणि काका एकीवर बसून पाहत होते बंद होते का. काकूंनी डीव्हीडी साड्यांच्या घडीत ठेवल्या, एक या बॅगेत, एक त्या. मी कॅमेरा दिला. त्यांनी झाकण उघडलं. आतली कॅसेट नवीन होती, वेष्टणातून आत्ताच काढलेली.

"अगं, जुनी कुठेय? तीच चालली असती की, तिच्यावरच लग्न घेतलं असतं. तुझं कॉम्प्युटरमध्ये आलं ना आता?"

आलं होतं. परवा विचारलं असतं तर मी हो म्हटलं असतं आणि काकूंनी रुहीच्या तोंडातल्या खिरीवर भाच्याची वरात घेतली असती. मी म्हटलं, ती माझ्याकडे राहू दे.

"तुम्ही आयटीवाले, आणि कॅसेटी जपताय," काकू म्हणाल्या. "आमच्या वेळचं आम्ही फेकतोय."

"मामाचं मानधन आहे ते, ठेव तू," काका बॅगेवरून म्हणाले.

परतताना पाऊस होता, नेहमीचा. शंतनू म्हणाला, परत बांध ना, तुला आठवत असेल की सगळं. मी म्हटलं, बघू. रुही मागे झोपली होती.

बाराव्या दिवशी आईचा फोन आला. शेजारच्या देशमुखांकडे डीव्हीडी प्लेअर आहे, तो त्यांच्या मुलाने आणून लावून दिला होता. बाबांनी डायलिसिसहून आल्या आल्या पाहिली, मग जेवून परत. नाक कुणावर गेलंय ते ठरलं, बाबांवर, असं बाबांचं मत. आईचं वेगळं होतं. मग फोन बाबांनी घेतला. त्यांनी विचारलं, ती चमचा सोडत नाही तिथे मागे कसला आवाज येतो गं सारखा, पाऊस होता का?

मी म्हटलं, हो, होता.

"मला वाटलंच," बाबा म्हणाले. "परत लावून ऐकतो."

कॅसेट मी रुहीच्या हॉस्पिटलातल्या, मनगटावरच्या नावाच्या पट्टीबरोबर स्टीलच्या डब्यात ठेवली आहे. वर तारीख लिहिली आहे. लावायला आता कॅमेरा नाही, तो सांगलीत आहे. गेमचं नाव लाँचरच्या यादीत अजून आहे, करडं. परवा रुही झोपलेली असताना मी ते उघडलं, परत उतरवून घेतलं. तीन तास लागले. मोकळी हिरवी जमीन आली, मधून नदी. गावाचं नाव विचारलं. मी ते रिकामं ठेवलं आणि आधी, नदीच्या अलीकडे, एक बाक ठेवला.